सीन नंबर चौतीस आणि मामाची बांधी

सकाळी आठ वाजता आमचं युनिट मामाच्या शेतावर पोहोचलं, तेव्हा शेत संपलेलं होतं.

संपलेलं म्हणजे रोवून झालेलं. काल संध्याकाळपर्यंत जिथे नुसता चिखल आणि पाणी होतं, तिथे या टोकापासून त्या टोकापर्यंत धानाची रोपं ओळीने उभी होती. पंचवीस-तीस बायका नाल्यात पाय धूत होत्या. त्यांची पुढारीण पार्बताबाई पदराला हात पुसत वर आली आणि आमचे प्रॉडक्शन मॅनेजर बबनराव यांना म्हणाली, "झालं नं बापू. पाहून घ्या. एखादा कोपरा सुटला असन त सांगा."

बबनरावांच्या हातात युनिटच्या पोह्यांचं पातेलं होतं. ते त्यांनी तसंच धरून ठेवलं. मागे जीपमधून कॅमेरा उतरत होता, नायिकेचा मेकअप चालू होता, आणि दिग्दर्शक दोन्ही हातांच्या बोटांची चौकट करून तिच्यातून शेताकडे बघत होते. चौकटीत त्यांना काय दिसलं ते मला त्यांच्या मानेवरूनच कळलं.

"लेखक कुठाय?" ते म्हणाले.

सिनेमाच्या धंद्यात हा प्रश्न दोनच वेळा विचारला जातो. एक म्हणजे काहीतरी बिघडलं की. दुसरी वेळ मला आठवत नाही.

हे ऐंशीच्या दशकातलं आहे. मी मूळचा अड्याळचा. मुंबईत टीव्हीसाठी अर्ध्या-अर्ध्या तासाची नाटकं लिहायचो. दोन सिनेमांचे संवादही लिहिले होते, पण त्यांच्या पडद्यावरच्या नावांच्या पाटीवर माझं नाव कुठेच नव्हतं. तिसरा सिनेमा हा. यात 'कथा, पटकथा, संवाद' यांच्याखाली माझं एकट्याचं नाव येणार होतं. आईला, मामाला, अड्याळच्या बाजारात समोर येईल त्याला मी ते सांगून ठेवलं होतं. आंधळगावच्या एका दूरच्या नातेवाइकाला तर मी पत्र टाकून कळवलं होतं, आणि त्याच्याशी आमचं बोलणं नव्हतं.

दिग्दर्शकांना युनिटमध्ये सगळे 'साहेब' म्हणत, नायिकेला 'मॅडम' आणि नायकाला 'हिरो'. मीही तेच म्हणतो. उगाच कुणाचं नाव कशाला.

आता पटकथा म्हणजे काय ते थोडक्यात सांगतो, कारण पुढचा सगळा गोंधळ त्यावर आहे. लोकांना वाटतं पटकथा म्हणजे गोष्ट. गोष्ट असते ती निर्मात्याला ऐकवायला. पटकथा म्हणजे कोण कुठे उभं आहे, त्याच्या हातात काय आहे आणि त्याच्या शर्टाला काय लागलेलं आहे, याची लांबलचक यादी. आमच्या यादीत चौतीस नंबरचा सीन असा होता. हिरो हा तलावाचा सर्व्हे करायला आलेला इंजिनियर. पांढराशुभ्र शर्ट घालून तो शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, चाललाय. मॅडम शेतात रोवणा करतायत. रोवणा म्हणजे धानाची लावणी. मॅडम खोडी काढायची म्हणून रोपांची एक पेंढी त्याच्याकडे भिरकावतात. शर्टाच्या डाव्या खिशावर चिखलाचा डाग पडतो आणि हिरो प्रेमात पडतो. तो डाग तो शेवटपर्यंत धुऊ देत नाही. त्या एका डागावर माझी पुढची सतरा पानं उभी होती.

सिनेमा ओळीने शूट होत नाही. जिथे जागा आणि माणसं मिळतील तिथे तो सीन उरकायचा, आणि नंतर सगळं क्रमाने जोडायचं. पस्तीस, छत्तीस आणि एक्केचाळीस हे सीन मुंबईच्या स्टुडिओत आधीच होऊन गेले होते. त्यांत हिरो तो डागाचा शर्ट खुंटीला लावतो, आरशाकडे बघतो आणि म्हणतो, "अर्धं शेत हिरवं होतं, अर्धं रिकामं, आणि मधोमध ती." हे वाक्य निर्मात्यांना इतकं आवडलं की त्यांनी ते फोनवरून बायकोला ऐकवलं. मलाही ते फार आवडलं होतं. म्हणून मी ते तीनही सीनमध्ये घातलं होतं.

आणि आता शेत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हिरवं होतं.

हे असं कसं झालं, ते बबनरावांनी पातेलं खाली ठेवल्यावर कळलं. ते परळचे. गर्दी लागली की ज्युनियर आर्टिस्ट आणायचे, शिफ्ट लावायची, हा त्यांचा धंदा. इथे गावात बायका ठरवायला ते आदल्या संध्याकाळी पार्बताबाईकडे गेले. तिने विचारलं, "हुंड्यानं का रोजीनं?" आमच्याकडे कामाच्या या दोन तऱ्हा. रोजी म्हणजे दिवसाची मजुरी, काम कितीही होवो. हुंडा म्हणजे एवढं शेत अंगावर घेतलं, ते करून द्यायचं आणि सुटायचं. लग्नातल्या हुंड्याचा याच्याशी काही संबंध नाही. बबनरावांनी हिशेब केला की ठेक्याचं काम केव्हाही सोयीचं, आणि हुंड्याला हो म्हणाले.

हुंड्याच्या बायका फटफटतं तेव्हाच शेतात उतरतात, कारण इथलं झालं की दुसऱ्या बांधीचा, म्हणजे धुऱ्यांनी आखलेल्या दुसऱ्या शेताचा, हुंडा घ्यायचा असतो. त्या कुणाकडे बघत नाहीत, कुणासाठी थांबत नाहीत. आम्ही पवनीच्या मुक्कामात गरम पाण्याची वाट बघत होतो, तेवढ्या वेळात त्यांनी आमचं लोकेशन रोवून टाकलं होतं.

"मले वाटलं तुमाले खुशी होईन," पार्बताबाई म्हणाली. "इतलं साफ काम कोनी करून देत नाही."

साहेबांनी तिच्याकडे पाठ केली. ते माझ्याशी बोलले.

"हे लोकेशन तुझं. सीन तुझा. मामा तुझा. बरोबर?"

"हो साहेब."

"उद्या चार वाजता मॅडम निघणार. पुढे सहा महिने त्यांच्या डेट्स नाहीत. तोवर हा सीन डब्यात पाहिजे. नाही झाला, तर हे चारही सीन मी मुंबईत दुसऱ्या कुणाकडून नव्याने लिहून घेईन. आणि जो लिहील त्याचं नाव पाटीवर."

डब्यात म्हणजे फिल्मच्या डब्यात, म्हणजे शूट झालेला. माझ्या डोळ्यांसमोर मात्र आंधळगावचा तो नातेवाईक आला.

पहिला उपाय सगळ्यांनाच सुचला. अर्धं शेत उपटायचं. हे मामाला विचारायला मी गेलो तेव्हा तो धुऱ्यावर छत्री टेकून उभा होता. मामा म्हणजे आईचा थोरला भाऊ, गुडघ्यापर्यंत धोतर, बोलणं कमी आणि जे बोलेल ते मोठ्याने. माझ्या शूटिंगसाठी त्याने ही बांधी आठ दिवस थांबवली होती. सगळ्या शिवाराचा रोवणा होऊन गेला होता आणि याची रोपं, म्हणजे पऱ्हे, नुसते उंच वाढत होते. धानाचे पऱ्हे असे थांबत नाहीत. गावात लोक त्याला विचारत होते की बाप्पा, यंदा रोवतेस का गाईले चारतेस. माझ्यापायी त्याने ते ऐकून घेतलं होतं.

"मामा, अर्धेच," मी म्हणालो. "शूटिंग झालं की पुन्हा लावून देऊ."

"मोरबा," मामा म्हणाला, "एक पऱ्हा जरी उपटला नं, त तुया सिनिम्याचे सारे वायर उपटून नाल्यात टाकीन. सांगून दे तुया साहेबाले."

मी साहेबांना सांगितलं की मामा विचार करून सांगतो म्हणाला.

दुसरा उपाय, दुसरं शेत. जीप घेऊन आम्ही पवनीच्या रस्त्याने दोन्ही बाजूंनी फिरलो. सगळीकडे हिरवंगार. साहेब प्रत्येक वळणावर म्हणायचे, "काय सुंदर आहे," आणि मग माझ्याकडे रागाने बघायचे.

तिसरा उपाय डबिंगचा. शूट झालेल्या वाक्यावर नंतर वेगळा आवाज भरता येतो, पण ओठांची हालचाल जुळावी लागते. हिरोचे तीनही सीन क्लोजअपमध्ये होते, म्हणजे पडदाभर चेहरा आणि चेहराभर ओठ. मी जीपमध्ये बसून 'अर्धं शेत हिरवं होतं' या ओठांवर बसतील अशी वाक्यं लिहायला लागलो. दुपारपर्यंत अकरा झाली. जी ओठांवर बसत होती त्यांना अर्थ नव्हता, आणि ज्यांना अर्थ होता ती बसत नव्हती. साहेबांनी कागद वाचला, घडी घातली आणि चहाच्या ग्लासाखाली ठेवला.

शेवटी मामालाच माझी दया आली. किंवा जेवणाच्या वेळी चाळीस माणसं त्याच्या विहिरीभोवती बसलेली त्याला बघवली नाहीत. तो म्हणाला, "काहून रडून राहिला? पऱ्ह्याची बांधी बाकी आहे नं."

मी कपाळावर हात मारला. मी याच भागात लहानाचा मोठा झालो आणि मला हे आठवलं नाही. रोवण्याआधी धानाचं बी एका छोट्या बांधीत दाट पेरतात. तिथून पऱ्हे उपटून मोठ्या बांधीत लावतात. त्यामुळे ती छोटी बांधी रिकामी होते, तिची पुन्हा चिखलणी करायची, आणि सगळ्यात शेवटी ती रोवायची. मामाची ती बांधी विहिरीमागे होती. तिच्यासाठीच्या पेंढ्या त्याने पाण्यात ठेवल्या होत्या. आज चिखलणी, उद्या रोवणा, असा त्याचा बेत होता. आम्ही त्याला काही विचारलंच नव्हतं.

साहेबांनी बोटांची चौकट केली, बांधी बघितली आणि दिवसभरात पहिल्यांदा हसले. मग बबनरावांकडे वळून म्हणाले, "आणि उद्या ठेका नाही. अजिबात नाही. दिवसाच्या पगारावर आणा. मी ॲक्शन म्हणेपर्यंत एका रोपालाही हात लागता कामा नये."

हात लागला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता आम्ही हजर होतो, अंघोळी न करता. बायका साडेआठला आल्या. रोजीच्या बायका साडेआठलाच येतात. आल्यावर त्यांनी धुऱ्यावर बसून सुपारी कातरली. मग मॅडमना बघितलं. मॅडमची पैठणीच्या काठाची साडी बघून एकीने विचारलं की हे नेसून रोवणा करायला घरचे बोलत नाहीत का. मग मेकअपमनच्या पेटीत काय काय आहे ते बघितलं. पार्बताबाईने मॅडमचा हात हातात घेऊन उलटसुलट केला आणि म्हणाली, "माय, तुया हातात काहीच नाही वो. तुले कोन कामाले सांगते?"

मॅडम फार चांगल्या होत्या. त्या म्हणाल्या, "मलाही तेच वाटतं."

साहेबांनी ॲक्शन म्हटलं. बायका बांधीत उतरल्या, एकेक पऱ्हा लावला, आणि सगळ्यांनी मान वर करून कॅमेऱ्याकडे बघितलं. कट. साहेबांनी समजावलं की इकडे बघायचं नाही. पुन्हा ॲक्शन. आता त्यांनी कॅमेऱ्याकडे नाही बघितलं, एकमेकींकडे बघून त्या हसल्या. कट. तिसऱ्या वेळी एकीने कंबर धरली आणि सगळ्या तिची चौकशी करायला थांबल्या. फिल्मची रिळं मोजून मिळायची तेव्हा. कॅमेरामन प्रत्येक कटला देवाचं नाव घेत होता.

अकरा वाजेपर्यंत बांधीच्या पार पलीकडच्या धुऱ्याशी दोन ओळी हिरव्या झाल्या होत्या. बाकी सगळा चिखल.

"अहो बाई, जरा हात चालवा," बबनराव म्हणाले.

"चालूनच राहिले नं," पार्बताबाई म्हणाली. "रोजीचं काम असंच असते बापू. दिवस बुडेपर्यंत आहो आमी इथी. पळून थोडी चाललो?"

"काल तर दोन तासांत सगळं केलंत."

"काल हुंडा होता."

हे ती इतक्या सरळपणे बोलली की बबनरावांनीच मान डोलावली. तिने आम्हाला फसवलं नव्हतं. काल ठरल्याप्रमाणे घाई केली होती, आज ठरल्याप्रमाणे सावकाशी करत होती. दोन्ही दिवस चोख. गोंधळ घातला होता आम्ही, ज्यांना आपण काय मागतोय हे माहीत नव्हतं.

साहेब डोक्यावर रुमाल टाकून खुर्चीत बसले होते. मी त्यांच्याजवळ गेलो. काय बोलायचं ते ठरलेलं नव्हतं. नाव जाणार हे मला दिसत होतं, आणि खरं सांगायचं तर रडू येत होतं. तेवढ्यात रुमालाखालून ते पुटपुटले, "ठेक्याने सगळं हिरवं. पगाराने सगळं रिकामं. आणि तुझ्या हिरोला हवंय अर्धं अर्धं."

माझ्या आयुष्यातली सगळ्यात चांगली कल्पना मला त्या क्षणी सुचली, आणि ती सुचवण्याचं श्रेय साहेबांचं आहे. मी ते त्यांना आजवर दिलेलं नाही.

"साहेब," मी म्हणालो, "अर्ध्या बायका हुंड्याने लावू. अर्ध्या रोजीवर ठेवू."

त्यांनी रुमाल काढला.

मी पार्बताबाईकडे गेलो. बांधीच्या मधोमध एक दोरी धरली. डावीकडची बाजू हुंड्याने, तेरा बायका, झालं की सुटी. उजवीकडची रोजीने, बाकीच्या, दिवस बुडेपर्यंत. पार्बताबाईने मला खालपासून वरपर्यंत बघितलं, मग धुऱ्यावरच्या मामाकडे.

"तू यायचाच भाचा न? अड्याळवाला?"

"हो."

"शिकला म्हनते."

"हो."

"मंग असं येड्यावानी काहून बोलून राहिला? एका बांधीत दोन भाव?"

मी म्हणालो, मावशी, माझं नाव जाते. कुठून जाते हे तिला कळायचं कारण नव्हतं. पण मी कसा म्हणालो ते तिला कळलं असावं. ती वळली, तेरा जणींची नावं घेतली, स्वतः त्यांच्या पुढे उभी राहिली आणि साडी खोचली.

पुढे जे झालं ते मी मुंबईत कुणाला सांगितलं तर खरं वाटत नाही. धानाचा रोवणा मागे सरकत करतात. वाकायचं, समोर पऱ्हा लावायचा आणि एक पाऊल मागे यायचं, म्हणजे लावलेलं तुडवलं जात नाही. कॅमेरा आमच्या बाजूच्या धुऱ्यावर होता. त्या तेरा जणी पलीकडच्या धुऱ्यापासून सुरू झाल्या आणि पाठमोऱ्या कॅमेऱ्याकडे सरकत यायला लागल्या. एकीनेही मान वर केली नाही. आमचे साहेब, जे एका शॉटच्या लायटिंगला दोन तास घेत, ते तेरा पाठी जवळ येताना बघून उभेच राहिले. या पाठी धुऱ्याला टेकल्या की त्या बायका पाय धुऊन घरी जाणार होत्या, आणि चौकटीत हलतं काही उरणार नव्हतं.

"मॅडम, मध्ये. हिरो, धुऱ्यावर. रोल, रोल," ते ओरडले. रोल म्हणजे कॅमेरा चालू.

डावीकडे हिरवं सरकत येत होतं. उजवीकडे रोजीच्या बायका मागच्या धुऱ्याशी तिसऱ्या ओळीवर विचार करत उभ्या होत्या आणि सगळा चिखल मोकळा होता. मधोमध मॅडम. मी कागदावर लिहिलेलं वाक्य माझ्यासमोर शेतात उभं होतं. असं लेखकाच्या वाट्याला फार वेळा येत नाही.

मॅडमनी पेंढी भिरकावली. ती त्यांच्या पायाशी पडली, पण त्याने बिघडत नव्हतं. सिनेमात फेकणारा हात एका शॉटमध्ये असतो आणि लागणारी पेंढी दुसऱ्या शॉटमध्ये. हात ओके झाला. आता फक्त कॅमेऱ्याशेजारून कुणीतरी हिरोला पेंढी मारायची होती.

फक्त म्हणतोय, पण डाग मुंबईत आधीच ठरलेला होता. डाव्या खिशावर, वाटीएवढा. कपडेवाल्याकडे त्याचा फोटो होता. एकाच कापडाचे तीन शर्ट शिवले होते. एक डागाचा, दोन कोरे. असिस्टंट डायरेक्टरने पहिली पेंढी मारली ती हिरोच्या उजव्या खांद्यावर बसली. एक शर्ट गेला. दुसरा कोरा शर्ट हिरोने अंगात घातला तोवर डावीकडच्या पाठी कॅमेऱ्यापासून सहा हातांवर आल्या होत्या.

"सरका बाप्पा," पार्बताबाई न बघता म्हणाली.

असिस्टंटने दुसरी पेंढी खाली ठेवून दिली. कॅमेरामन म्हणाला मी मारत नाही. बबनराव म्हणाले मी तर अजिबात मारत नाही. साहेबांनी माझ्याकडे बघितलं. मी लेखक आहे, मला लहानपणी कुणी गोट्या खेळायलाही घेत नसे.

"द्या इकडे," मागून मामा म्हणाला.

त्याने छत्री माझ्या हातात दिली. मला तेव्हा लक्षात आलं की रोवण्याच्या दिवशी बायकांना पेंढ्या पुरवायचं काम गडीमाणसं करतात. धुऱ्यावर उभं राहायचं आणि जिला हवी तिच्या हाताशी बरोबर पेंढी फेकायची. मामा हे चाळीस वर्षं करत होता. शिवाय आठ दिवस थांबलेला रोवणा, कालचा वायरींचा विषय आणि विहिरीवरची चाळीस माणसं, हे सगळं त्याच्या मनात होतंच. त्याने पेंढी पाण्यात बुडवली, एकदा झटकली आणि हिरोकडे बघितलं.

"कुठी मारू?"

"डावा खिसा," साहेब म्हणाले. "हलकेच."

शेवटचा शब्द मामापर्यंत पोहोचला नाही. पेंढी डाव्या खिशावर बसली, अगदी फोटोतल्या जागी, आणि तिचा आवाज विहिरीपर्यंत गेला. हिरोने डोळे विस्फारले, तोंड उघडलं, एक हात छातीवर नेला. मग तो धुऱ्यावरून मागच्या बांधीत बसला. साहेबांनी तो बसायच्या आधीच कट म्हटलं. एडिटिंगमध्ये तेवढंच ठेवलं. पुढे एका समीक्षकाने लिहिलं की प्रथमदर्शनी प्रेमाचा धक्का या नटाने ज्या उत्कटतेने दाखवला तसा अलीकडे बघायला मिळाला नाही.

पार्बताबाईने शेवटचा पऱ्हा ट्रायपॉडच्या पायाशी लावला, कंबर सरळ केली आणि म्हणाली, "झालं." तेरा जणी पाय धुवायला गेल्या. मॅडम चार वाजता निघाल्या. निघताना त्यांनी पार्बताबाईचे हात हातात घेतले, आणि या वेळी त्यांनीच ते उलटसुलट करून बघितले.

युनिट गेल्यावर मी मामाच्या पाया पडलो. त्याने पाया पडू दिलं आणि बांधीकडे बोट केलं. उजवी बाजू तशीच होती. रोजीच्या बायकांना शूटिंग संपलं तसं बबनरावांनीच सुटी देऊन टाकली होती.

"हे कोन रोवन?" मामा म्हणाला.

ती मी रोवली. एकट्याने, मागे सरकत, दीड दिवस. माझ्या ओळी वाकड्या होत्या. त्या सरळ करायला मामा धुऱ्यावरून पेंढ्या फेकत होता. त्यातल्या काही माझ्या हाताशी पडल्या.

वर्षभराने सिनेमा पवनीच्या थेटरात आला. दुपारच्या खेळाला मी मामाला घेऊन गेलो. अंधार झाला, पाटी आली, माझं नाव आलं. पडदाभर, एकट्याचं. मी मामाकडे बघितलं. मामा वाकून चप्पल शोधत होता. तो वर बघेपर्यंत नाव गेलं होतं.

चौतीस नंबर आला तेव्हा मात्र तो ताठ बसला. अर्धं शेत हिरवं, अर्धं रिकामं, मधोमध मॅडम. हात उचलला. पेंढी हिरोच्या खिशावर बसली. थेटरात शिट्ट्या वाजल्या. मामा उभा राहिला आणि मागच्या रांगांकडे तोंड करून म्हणाला, "ते मी मारली."

मग तो खाली बसला आणि माझ्या कानाशी म्हणाला, "सारे नावं दाखवले. मायं काहून नाही दाखवलं?"

खरं होतं त्याचं. ज्या सीनमुळे माझं नाव राहिलं, त्यात शेत त्याचं, पऱ्हे त्याचे आणि नेमही त्याचा होता. मी त्याला इंटरव्हलला चहा पाजला. त्याने दोन घेतले.

पुढे मी पुष्कळ सिनेमे आणि मालिका लिहिल्या. पटकथेत प्रत्येक सीनच्या डोक्यावर जागा आणि वेळ लिहायची पद्धत असते. शेत, बाहेर, दिवस, असं. त्या दिवसापासून, सीनमध्ये मजूर असले की, मी तिथे एक चौथा शब्द लिहितो. हुंडा, नाहीतर रोजी. नवे दिग्दर्शक विचारतात, हे काय आहे. मी सांगतो, राहू द्या, सगळ्यात महत्त्वाचं तेच आहे.